धवळीची हजेरी

ढोरांच्या दवाखान्यात माझी उभी हयात गेली, पण मी डॉक्टर नव्हतो. हे आधीच सांगून टाकलेलं बरं, नाहीतर एखादा खरा डॉक्टर हा अंक वाचून संपादकांना पत्र लिहायचा. मी स्टॉकमन. डॉक्टर तालुक्याला खुर्चीवर बसत आणि स्टॉकमन सायकलवर. मागं कॅरियरला औषधांची पेटी, पुढं हँडलला ढोरांना काढा पाजायचं बांबूचं नळकांडं, आणि वाटेत लागेल ते गाव आपलं. लोक मला 'डागदर साहेब' म्हणत. मीही कधी त्यांची चूक दुरुस्त केली नाही. वडील वर्ध्याला शाळामास्तर होते. मुलगा काय करतो असं कोणी विचारलं की ते 'सरकारी नोकरीत आहे' एवढंच सांगून पानाला चुना लावायला घेत.

आमच्या धंद्यात रोगी बोलत नाही आणि मालक खरं बोलत नाही. बैलानं कधीपासून चारा टाकला असं विचारलं की उत्तर ठरलेलं, 'आज सकायपासून'. म्हणजे आठवडा झालेला असायचा. त्या आठवड्यात बैलाला बिब्ब्याचे चटके देऊन झालेले, मांत्रिक येऊन गेलेला, मारुतीला नारळ फुटलेला, आणि सगळं करून बैल आडवा पडला की मग सायकलवाल्याला बोलावणं. बैल उठला तर मारुती पावला. नाही उठला तर डागदराच्या सुईनं गेला. याला माझी तक्रार नाही. देवाचा पगार माझ्यापेक्षाही कमी होता.

बुळकांडीच्या, म्हणजे ढोरांच्या साथीच्या, टोचणीला गिरडच्या बाजूला गेलो असताना एका बाईनं तिची गाय गोठ्यात कोंडून दाराला पाठ लावली. 'सुईनं दूध बाटते,' म्हणाली. तिला पटवता पटवता माझा घसा बसला. शेवटी टेकडीवरच्या दर्ग्याचे एक म्हातारे मुजावर खाली आले आणि म्हणाले, 'पहले मेरी बकरी को लगाओ.' त्यांच्या बकरीला टोचल्यावर सगळ्या गावानं गायी आणल्या, त्या बाईनंही. त्या साथीत आजूबाजूला ढोरं पटापट मेली आणि त्या गावात एकही नाही. असे दिवसही मी पाहिलेत. पण आज जे सांगायला बसलो आहे ते असल्या दिवसांचं नाही.

पन्नासच्या दशकात आमच्याकडं ब्लॉक आला. ब्लॉक म्हणजे विकास खंड, सरकारनं गावांचा एक झुबका करून त्यांचा विकास करायला नेमलेलं ऑफिस. परदेशातून जीप आली, दुधाची भुकटी आली, आणि भुकटीमागून कधीमधी ती देणारे पाहुणेही येत. मला दवाखान्यातून उचलून ब्लॉकच्या हाताखाली दिलं. आष्टीच्या पलीकडं डोंगराच्या पायथ्याशी एक गाव होतं. नाव घेत नाही, कारण तिथल्या पाटलाची नातवंडं आता सज्जनपणानं दुकानं चालवतात. त्या गावाच्या शिवेवर ब्लॉकनं पारध्यांची वसाहत वसवली होती.

हे लोक गाय-पारधी. इंग्रजांनी एक कायदा केला होता, त्यात काही जमाती जन्मतःच गुन्हेगार ठरवून टाकल्या. पोर पाळण्यात असतानाच चोर. जाणत्या पुरुषांनी रोज दिवस मावळताना पाटलाच्या दारी जाऊन तोंड दाखवायचं, याला हजेरी म्हणत. पुढं स्वराज्य आलं आणि कायदा रद्द झाला. मग ब्लॉकचे साहेब वसाहतीत आले, मांडव घातला, आणि खुर्चीवरून उठून म्हणाले, 'आजपासून तुमच्या कपाळावरचा शिक्का पुसला गेला. तुम्ही इतरांसारखे नागरिक. हजेरी बंद.' आम्ही टाळ्या वाजवल्या. मला खरोखर भरून आलं होतं, खोटं कशाला बोलू. पारध्यांचे हात मात्र गुडघ्यांवरच होते.

त्यांच्यात गुलाब नावाचा एक माणूस होता. उंच, काळा, डोळे सदान् कदा जमिनीवर. सारे त्याला गुलब्या म्हणत. मी पहिल्यांदा 'गुलाबराव' म्हणालो तेव्हा त्यानं मागं वळून पाहिलं, दुसरं कोणी आलं की काय म्हणून. तो उठला आणि साहेबांना म्हणाला, 'हजेरी बंद झाली हे पाटलाले सांगतलं काय जी?'

साहेब हसले. 'अरे, पाटील इथंच तर बसलेत, माझ्या शेजारी.' पाटील गळ्यातला हार चाचपत हसले. गावचा सारा वसूल करायची मालगुजारी गेल्यापासून त्यांना कोणी हार घातला नव्हता.

त्याच संध्याकाळी पाटलांच्या एका बैलाचं पोट फुगलं म्हणून मी त्यांच्या गोठ्यात होतो. दिवस मावळला तसे पारधी एकेक करून आले आणि फाटकाशी ओळीनं उकिडवे बसले. मी हात धुवत बाहेर आलो. म्हटलं, 'गुलाबराव, सकाळीच तर साहेब सांगून गेले ना, हजेरी बंद?'

'साहेब गेले ना बाप्पा,' तो म्हणाला. 'पाटील गावातच हाये.'

ओट्यावरून पाटलांनी ऐकलं. रागावले नाहीत. तो माणूस रागवायचाच नाही, हीच तर त्यांची कला. म्हणाले, 'डागदर साहेब, कायदा दिल्लीले झाला. कोंबड्या माया गावातून चोरीले जाते.' मग आलेल्यांपैकी दोघांना लाकडं फोडायला लावली. हजेरीला आलेल्यांनी पाटलांची लाकडं फोडायची हाही रिवाजच होता, आणि तो तर कोणत्याच कायद्यात नव्हता. मी ब्लॉकच्या साहेबांना सांगितलं. ते म्हणाले, 'बदल हळूहळू होतो.' हे वाक्य मी पुढं इतक्यांदा ऐकलं की अजूनही कोणी 'हळूहळू' म्हणालं की माझं डोकं उठतं.

आता गुलाबच्या गायीबद्दल. तिचं नाव धवळी. आमच्याकडची गवळाऊ जात, पांढरीशुभ्र, उंच, निमुळत्या तोंडाची. गाय-पारध्याची गाय दुधासाठी नसते, ती शिकारीसाठी असते. तितर, लावे माणूस दिसला की उडतात, गायीला भीत नाहीत. तेव्हा पारधी वासरू लहान असल्यापासून त्याला शिकवतो. गाय चरत चरत दोन पावलं टाकते आणि थांबते. मागचा माणूस वाकून, तिच्या पोटाच्या आडोशानं पुढं सरकतो आणि शेपटीच्या मुळाशी हात ठेवतो. हात पडला की गाय पुन्हा दोन पावलं जाते. असं करत ती पाखरांना हळूच मांडलेल्या फाशांकडं नेते. पाखरांना वाटतं, गाय चरते आहे. फाशात पाय अडकेपर्यंत त्यांना कळत नाही.

ब्लॉकच्या कागदावर मात्र धवळी 'अनुत्पादक जनावर' होती. दूध किती देते, तर वासरापुरतं. गुलाबला आम्ही नांगर दिला, बैल दिले, आणि डोंगराच्या पायथ्याची अशी जमीन दिली की तिच्यात नांगर घातला तर ठिणग्या उडाव्यात. तो नांगरायचा बिचारा, आम्ही पाहायला आलो की जास्तच नांगरायचा. पण त्याची बायको लखमी एकदा धवळीच्या खुरातले किडे मी काढत असताना म्हणाली, 'डागदर साहेब, हिले बरं करजा बरं. बैल तुमचे हाये, आमाले तं हेच पोसते.' तो खूर बरा होईपर्यंत मी रोज जात होतो. त्यामुळं धवळीला मी माणसासारखी ओळखायचो.

पुढं पाटलांची एक गाय रानात चरायला गेली ती परत आली नाही. डोंगरात बिबट्या होता, हे गावातल्या शेंबड्या पोरालाही ठाऊक होतं. पण पाटलांची गाय पांढरी होती आणि गुलाबची गायही पांढरी. गवळाऊ गायी पांढऱ्याच असतात, जसे बगळे पांढरे असतात. ठाण्याचे फौजदार आले, धवळीला कोंडवाड्यात घातलं आणि गुलाबला चावडीत. फौजदार जबलपूरकडचे, तेव्हा आपलं राज्य मध्यप्रदेशच होतं. मी धावत गेलो. म्हटलं, साहेब, ही गाय मी स्वतः तपासलेली आहे, ही याचीच.

'आप तो उन्हीके डॉक्टर ठहरे,' ते म्हणाले. 'पारधीके घर ऐसी गाय? किसने दी, बापने?'

'बापानंच देल्ली जी,' गुलाब कोपऱ्यातून म्हणाला. 'हिच्या मायले माया बापानं शिकोलं, हिले म्या.'

गुलाबला सजा होणार हे नक्की दिसत होतं. एकदा तो आत गेला की लखमीला आणि पोरांना कोण विचारतो! आणि नेमका त्याच आठवड्यात अमेरिकेहून एक गोरा पाहुणा वसाहत पाहायला यायचा होता. मुक्त झालेले गुन्हेगार शेती करताना त्याला बघायचे होते. ब्लॉकच्या साहेबांचा जीव वरखाली. नमुन्याचा शेतकरीच चावडीत कोंडलेला! त्यांनी फौजदारांची मनधरणी केली. तेव्हा गुलाब म्हणाला, 'गाय कोनाची हे गायलेच इचारा ना जी. माया हात पडला तं चालन. पाटलाच्या हातानं एक पाऊल टाकन नाई.'

असं ठरलं की पाहुण्यांच्या देखतच हे होऊन जाऊ द्या. साहेबांना वाटलं, कार्यक्रमाला जरा रंगत येईल.

त्या सकाळी वसाहतीमागच्या शेतात ज्वारीची धसकटं उभी होती आणि त्यात होल्यांचा थवा उतरला होता. आम्ही सगळे शेताच्या कडेला धुऱ्यावर उभे. गोरा पाहुणा, साहेब, फौजदार, पाटील, मी. आधी पाटलांनी धवळीच्या पाठीवर हात ठेवून 'चाल, चाल' केलं. ती ढिम्म. शेपूट पिरगाळली तर तिनं लाथ झाडली आणि पाटील धोतर सावरत मागं आले. मग गुलाब गेला. त्यांच्या बोलीत तिच्या कानाशी काहीतरी पुटपुटला, वाकला आणि नाहीसा झाला. मी डोळे फाडून बघत होतो, पण गायीच्या पायांमधले त्याचे पाय मला दिसेनात. धवळी एकटीच चरत चालली होती. दोन पावलं, थांबली. पुन्हा दोन पावलं. होल्यांच्या अगदी मधून गेली, एकही उडाला नाही. आणि मग पाखरांच्या मधोमध गुलाब उभा राहिला तेव्हा त्याच्या हातात एक होला होता. बाकीचे सगळे एकदम उडाले.

पाहुण्यानं टाळ्या वाजवल्या. त्याच्या हातातला सिनेमाचा कॅमेरा सारखा खरखरत होता. तो धावत जाऊन गुलाबशी हात मिळवून आला. मला तर इतका अभिमान वाटला की जणू ती विद्या मीच शिकवली होती. गुलाब त्या दिवशी पहिल्यांदा वर मान करून हसला. होला त्यानं सोडून दिला.

'गाय त्याचीच दिसते बुवा,' पाटलांना म्हणावं लागलं.

'गाय तो इसीकी है,' फौजदार सावकाश म्हणाले. ते हसत नव्हते. 'इसमें कोई शक नहीं. मगर अब मेरी समझमें आया. जो आदमी दिनदहाडे सबके सामने गाय के पीछे गायब हो जाए, वो रातको किसीके आंगन में नहीं जाएगा? पाटील, ये औजार है. चोरी का औजार.'

पाटलांच्या चेहऱ्यावर उजेड पडला. 'हे तं म्या कधी ध्यानातच घेतलं नाई,' म्हणाले.

पाहुण्यानं साहेबांना इंग्रजीत विचारलं, अधिकारी काय म्हणतात? साहेब मला ऐकू जाईल अशा आवाजात म्हणाले, ते त्याच्या कौशल्याची तारीफ करताहेत. पाहुण्याला फार बरं वाटलं. मग त्यानं विचारलं, ही गाय दूध किती देते? साहेबांनी सांगितलं. त्यानं मान हलवली आणि सुचवलं की हिच्या ऐवजी चांगल्या विलायती वळूपासून झालेली एखादी गाय दिली तर या कुटुंबाचं उत्पन्न वाढेल. तो मनानं वाईट नव्हता. त्याला पुढच्या गावाला जायचं होतं.

जीप गेल्यावर फौजदारांनी निकाल दिला. गाय गुलाबची, चोरीचा आरोप नाही, त्याला मोकळा सोडा. फक्त गावाच्या मनाला शांतता म्हणून रोज दिवस मावळताना त्यानं धवळीला आणून कोंडवाड्यात बांधायचं आणि सकाळी सोडून न्यायचं. म्हणजे गायीची हजेरी. माणसांची हजेरी कायद्यानं बंद झाली होती, गायीबद्दल कायद्यात एक अक्षर नव्हतं. मी साहेबांशी भांडलो. त्या दिवशी मी जेवढा भांडलो तेवढा नोकरीत कधी भांडलो नाही. ते म्हणाले, 'तुरुंगातून वाचला ना? तात्पुरती व्यवस्था आहे. बदल हळूहळू होतो.'

कोंडवाड्याची किल्ली पाटलांच्या घरी. पाटील उठून, आंघोळ-पूजा करून, चहा घेऊन किल्ली देणार तोवर ऊन डोक्यावर. गुलाब मला ब्लॉकच्या ऑफिसबाहेर भेटला. आत यायचा नाही तो.

'डागदर साहेब, तितर का दुपारी चरते जी?' त्यानं विचारलं. 'पाखरू उजाडता उजाडता बाहीर येते. तवा मायी गाय कुलपात राह्यते. काऊन बांधली ते तं सांगा. मायी नाई असं निंघालं असतं तं बांधली असती. मायीच हाये असं निंघालं, तरी बांधली!'

मी त्याला भुकटीचा डबा दिला. त्यानं तो दोन्ही हातांनी घेतला आणि परत ऑफिसच्या पायरीवर ठेवून निघून गेला.

एका सकाळी वसाहत रिकामी सापडली. झोपड्या होत्या, नांगर होता, ब्लॉकचे बैल खुंट्याला व्यवस्थित बांधलेले, पुढ्यात वैरण टाकलेली. ब्लॉकच्या मालाला त्यांनी हात लावला नव्हता. आणि धवळी कोंडवाड्यात होती. तिला दिवसा घेऊन निघाले असते तर पाटलांच्या माणसांनी शिवेवर अडवलं असतं. कुलूप तोडून नेलं असतं तर ती चोरी झाली असती, स्वतःच्या गायीची. म्हणून गुलाब तिला ठेवून गेला. फौजदारांनी शेरा मारला की हे लोक भटकेच, त्यांना कितीही द्या, टिकत नाहीत. ब्लॉकनंही वर तेच कळवलं. परदेशात कुठंतरी तो सिनेमा अजून पडून असेल, त्यात गुलाब हसतो आहे.

कोंडवाड्यातलं बेवारशी जनावर मुदत संपली की लिलावात काढतात. धवळीवर पाटलांनी बोली लावली. पाटलांवर बोली चढवणारा गावात कोण होता? मी होतो, असं आता तुम्ही म्हणाल. मला लिलाव होऊन गेल्यावर कळलं.

पुढं राज्य बदललं, आम्ही मुंबईच्या हद्दीत गेलो, साहेब बदलले, फौजदारांच्या जागी मराठी बोलणारे फौजदार आले. एक दिवस पाटलांचा निरोप आला, गायीला पाहून जा. मी गेलो. धवळी आता त्यांच्या गोठ्यात, गळ्यात घुंगुरमाळ, अंगानं चांगली भरलेली. पाटील म्हणाले, 'डागदर साहेब, हिचं काई समजून नाई राह्यलं. खाते, पेते, पन चालत नाई. रानात सोडली का दोन पावलं टाकते आन् उभी राह्यते. मारलं तरी ढिम्म. गुराखी कटाळला. पायात काई रोग हाये का पाहा बरं.'

मी तिचे खूर तपासले. मी बरा केलेला खूर साफ होता. ताप नाही, लंगडणं नाही. गोठ्याबाहेर आणून सोडली. तिनं दोन पावलं टाकली आणि थांबली. कान मागं केले. मी तिच्या मागं गेलो, वाकलो आणि शेपटीच्या मुळाशी हात ठेवला. धवळी दोन पावलं चालली. माझे डोळे भरून आले म्हणून मी वाकलेलाच राहिलो.

'आँ! चालली का नाई!' पाटील ओट्यावरून उठून आले. 'काय केलं जी तुमी? रोग काय हाये हिले?'

म्हटलं, 'रोग काही नाही, पाटील. मागचा माणूस यायची वाट पाहते.'

पाटलांनी गायीच्या मागं पाहिलं, मग माझ्याकडं पाहिलं. थट्टा करत नव्हते, त्यांना खरंच आठवत नव्हतं.

'कोनता मानूस?' त्यांनी विचारलं.